मागच्या जागेचा शब्द

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. रोपवाली ती चढायला निघाली तेव्हा तिच्या नवऱ्याने ही म्हण तिला ऐकवली. ती चप्पल घालता घालता म्हणाली, की ही म्हण ज्याने काढली त्याच्या नावावर घर असणार.

भांडण होतं कवळीकाकांच्या घरामागच्या जागेचं. कवळीकाका काही तिचे सख्खे काका नव्हते. ते जन्मभर लोकांच्या कवळ्या करत आले, म्हणून सगळी गल्ली त्यांना त्याच नावाने ओळखायची. त्यांच्या पुढच्या खोलीत खिडकीखाली लांब टेबल होतं. त्यावर मेणाच्या वड्या, प्लास्टरचे साचे, लहानमोठ्या कानशी, आणि एका परातीत पाण्यात घातलेल्या तयार कवळ्या. गिऱ्हाईक यायचं, परातीतली आपली कवळी उचलायचं, तोंडात बसवायचं आणि आरशात दात दाखवून निघून जायचं. काकांनी कधी कुणाला पावती दिली नाही. ज्याची कवळी त्याच्याच तोंडात बसते, मग पावती कशाला, असं त्यांचं म्हणणं. एकदा एका निवृत्त पोस्टमनने घाईत दुसऱ्याची कवळी उचलली आणि संध्याकाळी गाल धरून परत आला. काकांना त्या दिवशी कोण आनंद झाला होता. पुढे कित्येक महिने ते ही गोष्ट येईल त्याला सांगत होते, जणू त्यांचा सगळ्या जगाबद्दलचा अंदाजच त्या पोस्टमनने खरा करून दाखवला होता.

रोपवालीची काकांशी ओळख झाली ती तिचं बिऱ्हाड रस्त्यावर आलं तेव्हा. त्याआधी ती गावाबाहेर एका भाड्याच्या तुकड्यावर रोपं करायची. तिथे तिने आपली जातवान झाडं, ज्यांच्या फांद्यांवरून कलमं बांधायची ती, हौसेने जमिनीत लावली होती. मालकाने जागा रिकामी कर म्हटलं. कुंड्या हातगाडीवर चढल्या, पण झाडं चढणार कशी? ती तिथेच राहिली आणि महिन्याभरात त्यांच्या जागी गाड्या धुवायचा चौथरा आला. तेव्हापासून रोपवालीने जमिनीत काही लावायचं सोडलं. लहान रोप पिशवीत, मोठं कुंडीत, आणि कलमांची झाडं लोखंडी पिंपांत. सावलीच्या जाळीचे खांबसुद्धा तिने जमिनीत पुरले नाहीत. सिमेंट भरलेल्या डब्यांत उभे केले. तिचा नवरा वेल्डर. त्यानेच ते खांब जोडून दिले आणि वर म्हणाला, विंचवाचं बिऱ्हाड पाठीवर.

काकांच्या घरामागे बरीच मोठी जागा पडून होती. जुन्या भिंतींचा राडारोडा, फुटक्या फरश्या आणि गवत. काकांचं कुणी नव्हतं. एक पुतण्या होता, तो दूरच्या शहरात नोकरीला. काका तिला म्हणाले, की ही जागा तू घे. तिच्याकडे अंगावरचं किडूकमिडूक मोडून आलेली रक्कम होती, तेवढी तिने त्यांच्या हातात ठेवली. ती किमतीच्या निम्मीही नव्हती. उरलेल्याचं काय, तर काका जिवंत आहेत तोवर त्यांचं दोन वेळचं जेवण आणि आजारपण तिने बघायचं. जागा मात्र आजपासून तिची.

नवरा म्हणाला, की कागद करा. काकांनी ते ऐकलं आणि त्यांचा चेहरा पडला. "लिहून दिलं तर आत्ता बोललो ते कमी पडलं असं होईल," ते म्हणाले. रोपवालीलाच मेल्याहून मेल्यासारखं झालं. तिने नवऱ्याला डोळ्यांनी गप्प केलं आणि दुसऱ्या दिवशी घमेलं घेऊन राडारोडा उपसायला लागली.

सात-आठ वर्षं गेली. मग एका पहाटे काका झोपेतच गेले, आणि थोड्याच दिवसांत पुतण्याच्या वकिलाची नोटीस आली, की मागची जागा रिकामी करावी.

पुतण्या वाईट होता असं म्हणता येणार नाही. विक्रीबद्दल त्याने खरोखरच काही ऐकलेलं नव्हतं. काका फोनवर त्याच्याशी बोलायचे ते हवापाणी आणि दाढदुखीबद्दल. त्याला घर आणि मागची जागा मिळून विकायची होती, कारण मागच्या जागेशिवाय घराला गिऱ्हाईक नव्हतं. रोपवालीला दुसरीकडे जायला जागा नव्हती. तिने सगळीकडे विचारून पाहिलं होतं. पाणी होतं तिथे ऊन नव्हतं, दोन्ही होतं तिथे भाडं तिच्या आवाक्याबाहेरचं. ही जागा गेली की धंदा गेला, आणि नवऱ्याच्या एकट्याच्या कमाईत घर चालत नव्हतं. म्हणून तिनेच दावा लावला.

तिची वकीलबाई वयाने लहान, पण समजावून सांगण्यात हुशार होती. तिने एक कोरा कागद रोपवालीसमोर ठेवला आणि म्हणाली, की जमिनीच्या विक्रीला कायद्याला असा कागद लागतो, लिहिलेला. नुसता शब्द असेल तर कोर्ट कानावर हात ठेवतं. पण एक फट आहे. त्या शब्दावर विसंबून तुम्ही असं काही केलं असेल, की ज्याचा दुसरा अर्थच निघू शकत नाही, तर कोर्ट तो शब्द पाळायला लावू शकतं.

"दुसरा अर्थ म्हणजे?"

"समजा, एखाद्या जागेवर तुम्ही विहीर खणली. भाडेकरू विहीर खणेल का? नाही खणणार. म्हणजे तुम्ही मालक म्हणूनच खणलीत. तुमची विहीर कुठेय ते मला सांगा."

विहीर नव्हती. कुंपण होतं, पण ते तारेच्या सुट्या चौकटींचं. खांब डब्यांतले. पैसे हातोहात दिलेले, त्याला साक्षीदार फक्त नवरा. राडारोडा काढला हे खरं, पण स्वस्तात जागा मिळाली तर भाडेकरूही तो काढेलच. वकीलबाई एकेक गोष्ट विचारायची, रोपवाली सांगायची, आणि सांगता सांगता तिला स्वतःलाच त्यातला दुसरा अर्थ दिसायचा.

"झाडं तरी जमिनीत आहेत ना?" वकीलबाईने शेवटी विचारलं.

रोपवालीने शेजारी बसलेल्या नवऱ्याकडे पाहिलं. पिंपांत आहेत, असं नवऱ्याने सांगितलं.

कोर्टाने जागा पाहायला एक अधिकारी पाठवला. गळ्यात चष्मा लटकावलेला शांत गृहस्थ होता तो. त्याच्याबरोबर दोन्हीकडचे वकील आणि पुतण्या. समोरचे वकील उतारवयाचे, मऊ बोलणारे. ते कुंड्यांच्या रांगांतून सावकाश फिरले. मग एका हिरव्यागार झुडपापाशी थांबले आणि कौतुकाने म्हणाले, "ताई, इतकं मोठं झालंय, पण मुळं खाली उतरलेली दिसत नाहीत. कसं जमवता?"

तिची रोपं कुणी नीट बघितली, की रोपवालीला राहवायचं नाही. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते असं. तिने कुंडी उचलली, उलटी धरली आणि तळाचं भोक दाखवलं. स्वच्छ. कुंडी एका जागी पडून राहिली, की मुळं भोकातून जमिनीत शिरतात, मग उचलताना तुटतात आणि झाड मरतं. आळशी माणसाच्या बागेत हेच होतं. ती दर पंधरवड्याला प्रत्येक कुंडी उचलून जागा बदलते. "माझ्याकडचं एकही मूळ मी या जमिनीत जाऊ देत नाही," ती म्हणाली.

अधिकाऱ्याने चष्मा लावला आणि ते वाक्य जसंच्या तसं लिहून घेतलं. तिची वकीलबाई कुंपणाकडे बघत उभी राहिली. पुतण्याने तेवढ्यात खाली वाकून कुंडीखालची जमीन पाहिली. तिथे नुसतं ओलसर गोल वर्तुळ होतं.

परतताना रिक्षात वकीलबाईने आपली टिपणं पुन्हा चाळली. मग म्हणाली, की आता एकच गोष्ट उरली, काकांची सेवा.

त्यात शंका घ्यायला जागा नव्हती. सगळ्या गल्लीने बघितलं होतं. काकांचे हात थरथरायला लागले तेव्हा टेबल बंद झालं. हिरड्या झिजल्या, तसं त्यांची स्वतःची कवळी सैल झाली, आणि जगाला दात देणारा माणूस बोळक्या तोंडाने बसून राहिला. दुसऱ्याच्या हातची कवळी घालणार नाही, असा हट्ट. रोपवाली त्यांचं जेवण मऊ शिजवून, घोटून द्यायची. ते म्हणायचे, की तुझ्या हातचं जेवताना दातांची आठवण येत नाही, ही स्तुती आहे की निंदा ते तूच ठरव. ती त्यांची नखं कापायची, अंथरूण बदलायची, ताप चढला की उशाशी बसायची. काका तिला आपल्या साच्यांकडे बोट करून गल्लीतल्या एकेकाच्या जबड्याचे किस्से सांगायचे, आणि दोघं पोट धरून हसायची.

"यालाही दुसरा अर्थ आहे," वकीलबाई म्हणाली. "माया. तुमची त्यांच्यावर माया होती म्हणून केलं, असं समोरचे म्हणणार. मायेने केलेल्या गोष्टीवर कोर्ट जमीन देत नाही. तुम्हाला शपथेवर सांगावं लागेल, की हे तुम्ही मायेने केलं नाही. जागेची किंमत म्हणून केलं."

"पण दोन्ही होतं ना."

"दोन्ही म्हटलंत की गेलं."

घरी आल्यावर तिने हे नवऱ्याला सांगितलं. तो म्हणाला, की यात खोटं कुठाय, ठरलंच होतं तसं. ठरलं होतं, हे खरंच होतं. पहिल्या वर्षी तर ताट वाढताना तिला रोज आठवायचं, की हा एक हप्ता फिटला. मग ते आठवायचं कधी बंद झालं? ताट तेच होतं, हात तेच होते. तिने फार विचार केला, पण कुठल्या दिवसापासून, ते तिला सापडलं नाही. नवरा तिच्याकडे बघत राहिला आणि म्हणाला, "तू म्हणशील ते मला चालेल. पण काय म्हणणार ते ठरवून जा. तिथे उभी राहून शोधत बसू नकोस."

साक्षीच्या दिवशी गल्लीतली बरीच माणसं कोर्टात आली होती. शेजारची शिलाईवाली पहिल्या बाकावर होती, काकांनीच केलेली कवळी घालून. तिने रोपवालीला हाताने खूण केली, की घाबरू नकोस. खोलीत एकच पंखा होता आणि तो न्यायाधीशांच्या डोक्यावर होता.

समोरचे वकील उठले ते हसतमुखाने. सुरुवातीला त्यांनी कुंड्यांचं विचारलं आणि अधिकाऱ्याने लिहून घेतलेलं वाक्य वाचून दाखवलं. ती हो म्हणाली. मग त्यांनी आवाज आणखी खाली आणला.

"ताई, तुम्ही काकांचं खूप केलंत. माझ्या अशिलालाही ते मान्य आहे. आम्ही तुमचे आभारच मानतो. तापात तुम्ही त्यांच्या उशाशी बसायचात ना?"

"बसायचे."

"लेकीसारखं केलंत."

वकीलबाईने मान खाली घातली. रोपवालीने कठड्याच्या लाकडावर दोन्ही हात ठेवले.

"लेकीसारखं नाही. ठरलं होतं म्हणून," ती म्हणाली.

"घोटून जेवण द्यायचात, तेही?"

"किमतीत होतं."

"नखं कापायचात."

"आजारपण बघायचं ठरलं होतं. त्यातच आलं."

"आणि त्यांच्याबरोबर हसायचात, ते ताई? शेजाऱ्यांना तुमचं हसणं ऐकू यायचं म्हणे. तेही किमतीत?"

मागे कुणीतरी खुसखुसलं. न्यायाधीशांनी वर पाहिलं. याचं उत्तर वकीलबाईने शिकवलेलं नव्हतं. रोपवाली म्हणाली, की म्हाताऱ्या माणसाला खूश ठेवावं लागतं, नाहीतर तो शब्द फिरवतो. हे बोलताना तिला शिलाईवालीचा चेहरा दिसला, म्हणून तिने नजर भिंतीकडे वळवली.

समोरच्या वकिलांनी हातातला कागद खाली ठेवला. मग फार हळू, खरोखरच वाईट वाटत असल्यासारखं त्यांनी विचारलं, "काका गेले त्या दिवशी तुम्ही खूप रडलात. मी चौकशी केली आहे. दोघींना तुम्हाला धरून उठवावं लागलं. काका गेले म्हणजे तुमचा व्यवहार संपला होता. आता द्यायचं काही उरलं नव्हतं. मग का रडलात, ताई?"

इकडे आड आणि तिकडे विहीर, आणि मध्ये उभं राहायला हाताएवढी जागा. वकीलबाई लिहायची थांबली. नवरा दाराशी उभा होता, तो आत सरकला.

"कागद झाला नव्हता," रोपवाली म्हणाली. "आता जागेचं काय होणार, म्हणून रडले."

समोरच्या वकिलांनी मान हलवली, आणखी काही विचारायचं नाही म्हणाले, आणि खाली बसले. बाहेर व्हरांड्यात वकीलबाई तिला म्हणाली, की उत्तम झालं, शेवटचं उत्तर तर मलाही सुचलं नसतं. शिलाईवाली त्यांच्यासमोरून जिना उतरून गेली. रोपवालीने तिला हाक मारली, पण कोर्टाच्या जिन्यावर गर्दी असते, ऐकू गेलं नसेल.

निकाल रोपवालीच्या बाजूने लागला. पुतण्याने जागेचं खरेदीखत तिला करून द्यावं, असा हुकूम झाला. नवऱ्याने निकालपत्र घरी आणलं आणि चहा ठेवून मोठ्याने वाचायला बसला. कुंड्या, खांब आणि पैशांचा व्यवहार यांतून काही सिद्ध होत नाही, असं त्यात होतं. मग पुढचं आलं: 'वादीने मयताची सेवा माया, आपुलकी अथवा भूतदया यांपोटी केलेली नसून केवळ जमिनीचा मोबदला म्हणून केली, हे पुराव्याने शाबीत झाले आहे. मयताच्या मृत्यूसमयीही वादीस केवळ जमिनीचीच चिंता होती, हे तिच्या साक्षीवरून दिसते.'

नवरा थांबला.

"वाच पुढे," ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी ती वकीलबाईकडे गेली आणि तेवढी दोन वाक्यं काढता येतील का, असं विचारलं. जागा मिळालीच आहे, मग ती ठेवायची कशाला? वकीलबाईला आधी ती चेष्टा करते आहे असं वाटलं. मग तिने शिक्षिकेसारखं बोट ठेवून दाखवलं, की सगळा निकाल याच दोन वाक्यांवर उभा आहे. ती काढली तर खाली काही उरत नाही. समोरचे अपील करणार, आणि अपिलात हीच वाक्यं खोडायचा प्रयत्न करणार. तेव्हा जपून राहायचं. चार लोकांत काकांच्या आठवणी काढत बसायचं नाही. जागेवर त्यांचा फोटो लावायचा नाही. कुणी विचारलंच, तर कोर्टात सांगितलं तेच सांगायचं.

"किती दिवस?"

"अपील संपेपर्यंत. कधी संपेल ते मी सांगू शकत नाही."

मग रोपवाली जपून राहू लागली. गल्लीत कुणी काकांचा विषय काढला, की ती पाण्याचा पाइप उचलून दुसऱ्या टोकाला जायची. पण विषय फारसं कुणी काढतही नव्हतं. आपल्या गुडघेदुखीची तक्रार घेऊन जी शिलाईवाली रोज कुंपणाशी उभी राहायची, ती आता पलीकडच्या फुटपाथवरून जायची. तिची चूक नव्हती. शपथेवर सांगितलेलं तिने स्वतःच्या कानांनी ऐकलं होतं.

एका दुपारी पुतण्या आला. एकटाच होता. घर रिकामं करायला आलो आहे म्हणाला, टेबल आणि साचे भंगारवाला घेऊन गेला. त्याच्या हातात काकांची जुनी बंडी होती, खिशापाशी प्लास्टरचे पांढरे डाग पडलेली. तिच्या वरच्या दोन गुंड्या वेगळ्या रंगाच्या होत्या. त्या रोपवालीनेच शिवल्या होत्या, घरात होत्या तशा.

तो कुंपणाबाहेरच उभा राहिला. म्हणाला, की मी काकांकडे यायला हवं होतं, आलो नाही. मग बंडी जरा पुढे केली.

"ही तुम्हाला ठेवायची आहे का? आठवण म्हणून."

रोपवालीने आधी त्याच्याकडे पाहिलं, मग त्याच्या मागे रस्त्याच्या दोन्ही बाजूंना. कुणी नव्हतं. त्याचे डोळे तांबारलेले होते, पण घर झाडलं की धुळीनेही तसं होतं. त्याला वकिलांनी पाठवलं असेल, किंवा नसेल. तिने बराच वेळ शोधलं, पण त्याच्या चेहऱ्यावरून काही कळेना. याच्या चेहऱ्यालाही दोन अर्थ होते.

"नको," ती म्हणाली. "मला काय करायचीय?"

"नाही, मला वाटलं..."

"माझा व्यवहार होता."

त्याने हात मागे घेतला. मग त्याने बंडीची घडी घातली, काखेत धरली आणि गेला. रोपवालीने पुढची कुंडी उचलली आणि तिची जागा बदलली.